पडद्यावरचा बँड खरंच वाजवतोय का?

प्रश्न असा आहे : "1930-40 च्या काळातले अमेरिकन बिग बँडचे, म्हणजे मोठ्या जॅझ वाद्यवृंदांचे, आठ-दहा मिनिटांचे संगीतपट सध्या रोज पाहतोय. त्यांत बँड खरोखर वाजवत असतो की नुसता वाजवल्यासारखं करतो? ओळखायचं कसं? काही फितींमध्ये ट्रॉम्बोनवाला चक्क डावखुरा दिसतो, तो का? मी टेनर सॅक्सोफोन शिकतोय आणि बघून बघून बोटं बसवायचा प्रयत्न करतोय, म्हणून विचारतो."

थोडक्यात उत्तर आधी देऊन टाकतो. 1926 पासून 1930 च्या आगेमागेपर्यंतच्या फितींत सहसा जे दिसतं तेच ऐकू येतं. त्यानंतरच्या बहुतेक फितींत आवाज आधी भरलेला आणि चित्र नंतर घेतलेलं. ट्रॉम्बोनवाला डावखुरा नाही, तुमच्यासमोरची फीतच आरशातल्यासारखी उलटी आहे. आता सविस्तर.

माझं काम साउंड एडिटरचं. सुरुवात स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म कापण्या-जोडण्याच्या टेबलावर झाली, आता सगळं कॉम्प्युटरवर आहे, पण रोज करायचं काय, तर पडद्यावरचा ओठ आणि कानावरचा शब्द एकाच क्षणी पडतो की नाही ते बघायचं. गाण्याच्या शूटिंगला नागरा या टेपरेकॉर्डरवर आधी भरलेला ट्रॅक लावलेला, हिरो माईकसमोर तोंड हलवतोय, मागे ज्युनियर आर्टिस्ट व्हायोलिनवर गज वाट्टेल तसा फिरवताहेत, हे इतकं पाहिलंय की पडद्यावर वाद्य दिसलं की माझी नजर तोंडाकडे न जाता आधी हाताकडे जाते. त्याआधी कॉलेजात असताना दोन-तीन लग्नसराया मी बँडमध्ये ट्रॉम्बोन वाजवला. वाईट वाजवला. पण दांडी किती पुढे गेली की कुठला सूर निघतो एवढं डोक्यात पक्कं बसलं, आणि या जुन्या फिती बघताना तेवढंच भांडवल कामी येतं.

आपल्याकडे मुख्य सिनेमाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट दाखवायचे. धरणाचे दरवाजे उघडताहेत आणि लोक अंधारात चाचपडत आपली खुर्ची शोधताहेत, हे ज्यांनी अनुभवलंय त्यांना मी काय म्हणतोय ते कळेल. अमेरिकेतल्या थिएटरांत त्याच वेळात बातमीपट, कार्टून आणि असा एखादा संगीतपट असायचा. न्यूयॉर्क-शिकागोच्या बड्या चित्रगृहांत पडद्यासमोर खराखुरा वाद्यवृंद बसलेला असे, सिनेमाच्या आधी रंगमंचावर गाणी-नाच होत. तालुक्याच्या गावातल्या थिएटरमालकाला ते परवडणारं नव्हतं. वॉर्नर ब्रदर्सनी नेमकं हे हेरलं : वाद्यवृंदच डब्यात भरून पाठवायचा. 6 ऑगस्ट 1926 ला न्यूयॉर्कमध्ये त्यांनी व्हायटाफोन या आपल्या बोलपट-पद्धतीचा पहिला जाहीर खेळ केला, तेव्हा मुख्य चित्रपटाच्या आधी लघुपटांची रांगच लावली होती. त्यात न्यूयॉर्क फिलहार्मोनिकचे शंभराहून अधिक वादक वाग्नरची सुरावट वाजवताना दिसत-ऐकू येत होते. पुढे ब्रुकलिनमधल्या स्टुडिओत या लघुपटांचा कारखानाच निघाला. हॉटेलात किंवा थिएटरात रात्री वाजवणारे बँड न्यूयॉर्कमध्ये मुक्कामाला असत, त्यांना दिवसा ब्रुकलिनला आणून कॅमेऱ्यासमोर बसवणं सोपं होतं. शिवाय 1920 च्या दशकाच्या शेवटी वॉर्नरनी गाणी छापणाऱ्या मोठ्या कंपन्या विकत घेतल्या होत्या. पडद्यावर गाणं वाजलं की दुकानात त्याच्या नोटेशनची छापील शीट खपणार. जाहिरातच ती, फक्त गोड.

व्हायटाफोनमध्ये आवाज फिल्मवर नसायचाच. तो 16 इंच व्यासाच्या तबकडीवर असायचा. तबकडी मिनिटाला 33⅓ फेरे घेई आणि सुई आतून बाहेर, म्हणजे लेबलाकडून कडेकडे जाई. उलटं वाटतं ना? पोलादी सुई वाजता वाजता झिजते. आतल्या, लहान वर्तुळाच्या खाचांतून चांगला आवाज काढणं जास्त अवघड, म्हणून कोरी सुई आधी तिथे आणि झिजलेली सुई शेवटी मोठ्या वर्तुळावर. फिल्मच्या सुरुवातीला एका चौकटीवर खूण, तबकडीवर बाण. ऑपरेटरने दोन्ही जुळवून मोटर सुरू करायची. लेबलावर चौकोन छापलेले असत, दर खेळाला एकावर फुली मारायची, वीस झाले की तबकडी बाद. मध्येच फिल्म तुटली तर जेवढ्या चौकटी गेल्या तेवढीच काळी फिल्म मोजून जोडायची, नाहीतर पुढची सगळी रीळ गायक आधी तोंड उघडणार आणि आवाज मागाहून येणार.

ही यंत्रणा कळली की फितींचं निम्मं रूप आपोआप उलगडतं. फिल्म मिनिटाला 90 फूट सरकायची, म्हणजे सेकंदाला 24 चौकटी. हजार फुटांचं रीळ सव्वाअकरा मिनिटांच्या आत संपतं. संगीतपट दहा मिनिटांचाच का, याचं कारण एवढंच. दिग्दर्शकाची लय-बिय काही नाही. आणि मेणावर कोरलेल्या तबकडीत कात्री चालवता येत नाही. पाचव्या मिनिटाला ट्रम्पेट फसकला तर पुन्हा पहिल्यापासून. म्हणून सुरुवातीचे व्हायटाफोन हे अख्खे एका दमात वाजवलेले आहेत. दोन-तीन कॅमेरे एकाच वेळी चालू, एक सगळा बँड घेणारा, एक जवळचा, आणि नंतर चित्र कापायचं ते त्या अखंड आवाजावर बसवून. कॅमेऱ्यांचा खडखडाट माईकमध्ये जाऊ नये म्हणून त्यांना कॅमेरामनसकट गाद्या ठोकलेल्या खोक्यात कोंडायचे, काचेतून चित्रण. कॅमेरा हलायचा कसा? त्या फिती आज ठोकळेबाज दिसतात, आणि विद्यार्थी त्या पुढे ढकलतात. ढकलू नका. बँड ज्या चुका करतो त्या त्याच्याच असतात.

1929 चा 'ब्लॅक अँड टॅन' घ्या. दिग्दर्शक डडली मर्फी, जॅझ बँडचा म्होरक्या ड्यूक एलिंग्टनचा पहिला चित्रपट, साधारण वीस मिनिटांचा, आवाज फिल्मवरच छापलेला. सुरुवातीलाच ड्यूक एका भाड्याच्या खोलीत पियानोवर बसलाय आणि त्याच्या बँडमधला आर्थर व्हेटसेल म्यूट, म्हणजे आवाज दाबणारं बूच, लावून ट्रम्पेट वाजवतोय. नवी चीज बसवणं चाललंय. तेवढ्यात हप्ते थकले म्हणून पियानो उचलून न्यायला दोघं येतात आणि नायिका फ्रेडी वॉशिंग्टन त्यांना दारूची बाटली देऊन वाटेला लावते. कथा अशीच, पुढे ती नाचता नाचता कोसळते आणि मरते. विनोदाचा भाग आज बघवत नाही, काळ्या माणसांना मूर्ख दाखवणारा ठरीव साचा आहे तो. पण त्या खोलीतला आवाज ऐका. ट्रम्पेट खोलीत वाजतोय असं वाटतं, भिंती जाणवतात. पियानो थोडा मागे, ट्रम्पेट थोडा पुढे, जसे बसलेत तसेच. त्या वेळची पद्धत सेटवरच आवाज घेण्याची होती, आणि ते कानाला कळतं. व्हेटसेलची छाती हलते आणि मग सूर येतो, त्या दोहोंत तसूभर फट नाही. मी ती दोन मिनिटं किती वेळा पाहिली असतील, सांगता येणार नाही.

त्याच वर्षी, त्याच मर्फीने 'सेंट लुईस ब्लूज' केला. ब्लूज गायिका बेसी स्मिथचं चित्रपटात टिपलेलं एवढंच काय ते दर्शन. बँडपेक्षा बाईचा आवाज मोठा आहे त्यात.

मग प्लेबॅक आला. एमजीएमच्या 1929 च्या 'ब्रॉडवे मेलडी'तला एक नाच पुन्हा चित्रित करायचा होता, वाद्यवृंदाला पुन्हा बोलावण्यापेक्षा आधीचाच आवाज स्पीकरवर लावून नर्तकांना नाचवलं, असं या पद्धतीचं मूळ सांगतात. आपल्याकडे बोलपटाच्या आरंभी नट-नटीने कॅमेऱ्यासमोर गायचं आणि पेटी-तबलजींनी झाडाआड, खांबाआड, जिथे कॅमेऱ्याची नजर जाणार नाही तिथे दबा धरून साथ करायची. 1935 मध्ये कोलकात्याच्या न्यू थिएटर्सनी 'धूप छाँव'मध्ये पार्श्वगायन आणलं आणि साथीदार झाडाआडून सुटले. पण गंमत बघा. आपल्याकडे प्लेबॅकमुळे वादक सेटवरूनच गेला. अमेरिकन बँड-लघुपटांत वादक हाच नायक, त्यामुळे तो पडद्यावर राहिला आणि त्याला स्वतःच्याच आवाजावर अभिनय करायची वेळ आली.

पॅरामाउंटचे लघुपट न्यूयॉर्कच्या अॅस्टोरिया स्टुडिओत होत. तिथे फ्रेड वॉलर नावाचा माणूस होता. पुढे सिनेरामाचा अवाढव्य पडदा याच्याच डोक्यातून निघाला, आणि पाण्यावरच्या स्कीइंगच्या पट्ट्यांचं पेटंटही याच्या नावावर आहे. अशा माणसाला बसलेल्या बँडकडे नुसतं बघत राहणं जमणार थोडंच. 1934 च्या, गायक-बँडप्रमुख कॅब कॅलोवेच्या लघुपटात त्याने बँडची तालीम रेल्वेच्या झोपायच्या डब्यात ठेवली. बर्थच्या मधल्या बोळात अख्खा बँड. तुम्हीच सांगा, तेव्हाच्या माईकने तिथे आवाज कसा घेतला असता? आवाज आधीच तयार होता. पण डबा मात्र नुसती कल्पना नव्हती. दक्षिणेकडच्या राज्यांत काळ्या वादकांना हॉटेलात खोली मिळत नसे, म्हणून कॅलोवे आणि एलिंग्टन यांचे बँड स्वतःचे रेल्वेडबे भाड्याने घेऊन फिरत. राहणं, झोपणं, सगळं त्यातच. वॉलरने ते विनोदात वापरलं. प्रेक्षकातल्या किती जणांना त्यामागचं कारण माहीत असेल कोण जाणे.

1935 चा 'सिंफनी इन ब्लॅक' वॉलरचाच. एलिंग्टनची रचना चार भागांत, नऊ-दहा मिनिटांत. प्रियकर ढकलतो, ती रस्त्यावर पडते आणि पडल्या जागेवरून गाते, ती पुढे गाजलेली जॅझ गायिका बिली हॉलिडे. वय जेमतेम एकोणीस-वीस. सावल्या, तिरके कोन, एकावर एक विरघळणारी चित्रं. कॅमेऱ्याला खोक्यातून मोकळं केल्याचा फायदा म्हणजे काय ते इथे कळतं. आवाज आणि चित्र वेगळे घेतले म्हणून मी या फितीला कमी लेखत नाही. फक्त बोटं बसवायला ही वापरू नका.

आता ओळखायचं कसं, ते सांगतो. सगळ्यात आधी ड्रमरकडे बघा. स्पीकरवरचा ट्रॅक ऐकू यायला हवा म्हणून त्याला दबून वाजवावं लागतं. आवाजात झांज कडाडते आणि चित्रात ती जेमतेम डुलते, तर समजा. जोरात मारलेली झांज पुढची दोन-तीन सेकंदं हेलकावे खाते, ते काही अभिनयाने आणता येत नाही. त्यानंतर ट्रॉम्बोन. या वाद्याला कळा नाहीत, दांडीच्या सात जागा आहेत, दांडी आत असली की पहिली, हात पूर्ण लांब केला की सातवी. सूर खाली उतरत जातोय आणि दांडी पहिल्या जागेवर निवांत, असं दिसलं तर तो भाऊ शूटिंगच्या चौथ्या टेकला कंटाळलाय. मग श्वास. फुंकवाद्यात वाक्य सुरू होण्याआधी खांदे किंवा छाती उचलली जाते. सॅक्सवाल्यांची पाच जणांची रांग एका वेळी श्वास घेते की आपापला, ते बघा. सराईत सेक्शन खोट्यातही एकदम श्वास घेतो, कारण त्यांच्या अंगात ती जागा मुरलेली असते, तेव्हा या एका खुणेवर निकाल देऊ नका. आणि माझी आवडती खूण : कॅमेरा जवळ जातो, पण आवाज जवळ येत नाही. क्लॅरिनेट पडदाभर झालं तरी ते ऐकू येतं मागच्या रांगेतूनच.

एक शक्यता अशीही असते की आवाजातला वादक आणि चित्रातला वादक दोन वेगळी माणसं असतील. ध्वनिमुद्रण आणि चित्रण यांत दिवस जात, मधल्या काळात कुणी बँड सोडे, कुणी आजारी पडे, मग बदली माणूस वाद्य घेऊन बसे. एखाद्या सोलोचं श्रेय चेहरा बघून देऊ नये, ते यासाठी.

या सगळ्या खुणा कळल्या की माणूस हुशारीत येतो, मीही आलो होतो. आणि मग 1944 चा 'जॅमिन द ब्लूज' भेटतो. वॉर्नरचाच, दहा मिनिटांचा. दिग्दर्शक ज्यॉन मिली हा 'लाइफ' मासिकाचा छायाचित्रकार, सिनेमाचा माणूसच नव्हे. संगीताची जबाबदारी नॉर्मन ग्रँझकडे, कॅमेऱ्यामागे रॉबर्ट बर्क्स, जो पुढे हिचकॉकसाठी काम करणार होता. पडद्यावर काळ्यावर पांढरी वर्तुळं दिसतात, काय आहे कळत नाही. मग ती वर्तुळं हळूच मागे कलतात आणि खाली टेनर सॅक्सवाल्या लेस्टर यंगचा चेहरा येतो. ती त्याच्या टोपीची माथ्याकडची बाजू होती. सिगारेटचा धूर. टेनर तोंडाला लावतो, आणि पुढची तीन मिनिटं तुम्हाला शपथेवर वाटतं की रात्री दोन वाजता कुठल्याशा तळघरात आपण गुपचूप शिरलोय. हा पूर्ण बिग बँड नाही, पण यातले लेस्टर यंग, हॅरी एडिसन, जो जोन्स हे काउंट बेसीच्या नावाजलेल्या बिग बँडचे. या यादीत सगळ्यांत खरी वाटणारी फीत हीच, आणि हिच्यात एकही सूर चित्रणाच्या वेळी घेतलेला नाही. सगळं आधी भरलेलं, मग त्यावर वाजवल्याचा अभिनय. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मानलं नव्हतं. फीत चौकट-चौकट पुढे नेत ड्रमरच्या काठ्या तपासल्या. दोन ठिकाणी त्याचा हात आवाजाशी चुकलेला सापडला, बाकी नाही.

याच फितीत बार्नी केसेल हा गिटारवाला एकटा गोरा होता. काळे-गोरे एकत्र वाजवताना दिसले तर दक्षिणेतली थिएटरं फीत घेणार नाहीत, म्हणून त्याला सावलीत बसवला. त्याचे हात काळे दिसावेत म्हणून बेरीच्या रसाने रंगवले होते, ही गोष्टही सांगितली जाते. त्याच्या जागेवर प्रकाश का नाही, हे माहीत नसताना पाहिलं तर ते निव्वळ सौंदर्य वाटतं. वर्षानुवर्षं मला तसंच वाटत होतं.

हा मुद्दा सगळ्याच फितींना लागू आहे. 1932 च्या 'अ ऱ्हॅप्सडी इन ब्लॅक अँड ब्लू'मध्ये ट्रम्पेटवादक लुई आर्मस्ट्राँगला बिबट्याचं कातडं नेसवून साबणाच्या फेसात उभा केलाय. नेसवणाऱ्याची लायकी त्यात दिसतेच. आवाज बंद करून बघा, अंगावर काटा येतो. मग चित्र बंद करून ऐका. मग दोन्ही चालू करून आर्मस्ट्राँगचे डोळे बघा. तो त्या कातड्याला किंमतच देत नाही, तो ट्रम्पेटवर आहे. माझ्या मते पूर्ण संग्रहात यापेक्षा मोठा अभिनय नाही.

डावखुऱ्या ट्रॉम्बोनकडे येऊ. तुम्ही पाहिलेली फीत दहा मिनिटांची नसणार, तीन मिनिटांची असणार. ती साउंडी. शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीने 1940 मध्ये पॅनोरॅम नावाचं यंत्र काढलं, माणसापेक्षा उंच लाकडी कपाट, वर काचेचा पडदा. बारमध्ये, बस स्टँडवर, हॉटेलांत ठेवलेलं असे. दहा सेंटचं नाणं टाकलं की एक गाणं. ज्यूकबॉक्ससारखं निवडायला मिळायचं नाही. आत 16 मिलिमीटरच्या फिल्मचं अखंड वेटोळं, त्यावर आठ गाणी, नाणं टाकाल तेव्हा जे पुढे असेल ते. आवडीचं गाणं पाहायचं तर सात नावडती सोसा, नाही तर कुणीतरी पैसे टाकेपर्यंत थांबा. 1947 पर्यंत हा उद्योग चालला, अठराशेच्या वर साउंडीज निघाल्या.

कपाट पुढून मागे उथळ. प्रोजेक्टर खाली, आणि प्रकाश आरशांवरून वळवून पडद्याच्या मागच्या बाजूने टाकलेला. या वळणांत चित्राची डावी-उजवी बदलते. म्हणून फिल्म मुद्दाम उलटी छापायचे, कपाटात ती सुलटी दिसे. तीच फिल्म पुढे कुणाच्या हाती लागली आणि साध्या प्रोजेक्टरवर किंवा स्कॅनरवर चढली की अख्खा बँड डावखुरा. नाव लिहिलेली पाटी असेल तर लगेच कळतं, पण बऱ्याचदा पाटी कापलेली किंवा नवी लावलेली असते. माझी फजिती तशीच झाली होती. ध्वनीच्या विद्यार्थ्यांना एक फीत दाखवून मी छातीठोकपणे सांगितलं, "हा बघा, डावखुरा ट्रॉम्बोनवादक, दुर्मिळ." मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "सर, सगळ्यांच्या कोटाची बटणंही बायकांसारखी आहेत."

तिने सांगितलेली खूण पक्की आहे. पुरुषाच्या कोटाची डावी बाजू उजवीवर येते, रुमालाचा खिसा डाव्या छातीवर. ट्रॉम्बोनची दांडी उजव्या हातात, ट्रम्पेटच्या कळा उजव्या हाताखाली. तुमच्या सॅक्सवर डावा हात वर, उजवा खाली, आणि यात डावखुऱ्यालाही सवलत नसते. म्हणून सॅक्सवाल्याचे हात बघणं सगळ्यांत भरवशाचं. उलटी फीत बघून तुम्ही बोटं बसवत असाल तर आत्ताच थांबा.

साउंडीजमध्ये आवाज आधी भरण्याचीच पद्धत होती, तरी तुमच्या कामाच्या गोष्टी तिथेच जास्त आहेत. 1941 च्या शेवटी एलिंग्टनच्या बँडने काही साउंडीज केल्या. त्यांतल्या एकीत 'कॉटन टेल' आहे, बेन वेबस्टरचा टेनर सॅक्स आणि त्यावर लिंडी हॉप हा त्या काळचा उड्यांचा जोडीनाच करणारी जोडपी. नाच बघू की सॅक्स ऐकू असं होतं. दुसरी 'सी जॅम ब्लूज'. रे नान्सचं व्हायोलिन, रेक्स स्ट्युअर्टचं कॉर्नेट (ट्रम्पेटचंच आखूड भावंड), मग वेबस्टर, मग ट्रिकी सॅम नँटनचा ट्रॉम्बोन, बार्नी बिगार्डचं क्लॅरिनेट, असे एकामागून एक येतात. नँटनच्या हातातली ती रबरी वाटी बघा. मोरी तुंबली की प्लंबर दाबतो त्या पंपाचं रबर ते. ट्रॉम्बोनच्या तोंडावर ते उघड-बंद करून त्याने वाद्याला माणसासारखं बोलायला लावलं. रेकॉर्डवर तो आवाज ऐकून कुणाला कळणार होतं की हात काय करतोय?

1946 मध्ये इंटरनॅशनल स्वीटहार्ट्स ऑफ ऱ्हिदम या बायकांच्या बँडचंही चित्रण झालं. त्यातली व्हाय बर्नसाइड टेनर वाजवते. तुम्ही टेनरवाले, तिला सोडू नका. त्याआधी पॅरामाउंटने आयना रे हटनच्या बायकांच्या बँडवर लघुपट काढले, त्यांत मात्र कॅमेऱ्याला तिच्या पोशाखातच जास्त रस आहे.

मधली एक गोष्ट रेकॉर्ड ऐकणाऱ्यांना माहीत असावी. 1 ऑगस्ट 1942 पासून अमेरिकन वादक संघटनेने रेकॉर्ड कंपन्यांसाठी वाजवणं बंद केलं. व्हिक्टर आणि कोलंबिया नोव्हेंबर 1944 मध्ये नमले. तोवर या दोन कंपन्यांसाठी बँडची नवी रेकॉर्ड नाही. हॉलिवूडच्या स्टुडिओंवर मात्र ही बंदी नव्हती, म्हणून 'जॅमिन द ब्लूज' होऊ शकला. त्या काळातले बँड कसे वाजत होते हे शोधताना चित्रपटांचे साउंडट्रॅक आणि रेडिओ कार्यक्रमांची ध्वनिमुद्रणं हा मोठा आधार ठरतो.

आपल्याकडचा धागा थोडा, पण खरा आहे. 1935 मध्ये लिऑन अॅबीने काळ्या अमेरिकन वादकांचा बँड मुंबईच्या ताजमध्ये आणला, मागाहून पियानोवाला टेडी वेदरफर्ड आला, तो तर भारतातच राहिला आणि 1945 मध्ये कोलकात्यात वारला. गावच्या चर्चच्या शाळेत नोटेशन शिकलेली गोव्याची पोरं या मंडळींचं ऐकून तयार झाली. हळदोण्याचा अँटोनियो झेवियर वाझ म्हणजे चिक चॉकलेट हा त्यांतला, लोक त्याला भारताचा आर्मस्ट्राँग म्हणत. सी. रामचंद्रांच्या गाण्यांत जो ट्रम्पेट झणझणतो तो पुष्कळदा या गोवेकरांचा. 1951 च्या 'अलबेला'त चिक चॉकलेट आपल्या बँडसह पडद्यावरही आहे. हिंदी सिनेमाने झाडाआड घालवलेला वादक तेवढ्यापुरता समोर आला. वरच्या खुणा तिथे लावून बघा, मजा येते.

व्हायटाफोनची एक अडचण राहिली. आवाज तबकडीवर, चित्र फिल्मवर, दोन्ही वेगळ्या ठिकाणी गेले. कुठे फिल्म आहे आणि तबकडी नाही, कुठे उलट. 1991 मध्ये काही संग्राहकांनी व्हायटाफोन प्रोजेक्ट सुरू केला आणि लोकांच्या माळ्यांवरच्या, तळघरांतल्या तबकड्या शोधून त्यांची जोडी अभिलेखागारांतल्या फिल्मशी जुळवायला लागले. आज तुम्हाला ज्या स्वच्छ फिती मिळतात त्यांतल्या बऱ्याच अशा जुळवलेल्या आहेत. बाकीच्या म्हणजे टीव्हीसाठी कुणीतरी घाईत उतरवलेल्या प्रतींच्या प्रती.

आणि सॅक्स काढण्याआधी या घाईने केलेली एक खोडी तपासा. भारत आणि युरोपात टीव्ही सेकंदाला 25 चौकटींचा, फिल्म 24 ची. उतरवताना सरसकट 25 ने पळवायचे. वेग चार टक्क्यांनी वाढतो, डोळ्याला कळत नाही, पण सूर अर्ध्या स्वराच्या जवळपास तीन चतुर्थांश वर चढतो. 'सी जॅम ब्लूज' नावाप्रमाणे सीमध्ये, म्हणजे आपल्या पेटीवर पांढरी एक. घरात पेटी असेल तर फीत लावून पांढरी एक दाबून धरा. सूर मिळाला तर ठीक. तो काळी एकच्या दिशेने सरकलेला असेल, आणि काळी एकवरही नीट बसत नसेल, तर फाईल 0.96 च्या वेगाने लावा, सूरही सोबत उतरू द्या. मग टेनरवर डी धरून (टेनरचा डी म्हणजे पेटीचा सी) वेबस्टरच्या मागोमाग जा. कोटाची बटणं तेवढी आधी बघून घ्या.